करडी केंद्र, श्रोता एक

मी एका जिवंत माणसाला श्रद्धांजली वाहिली. भर पटात, माइकवरून, आणि तो माणूस समोरच बसलेला होता.

पट म्हणजे बैलजोड्यांची शर्यत. धान कापून झालं की आमच्या भंडारा जिल्ह्यात बांध्या, म्हणजे धानाची शेतं, रिकाम्या होतात, आणि रिकामी बांधी दिसली की कोणाच्या ना कोणाच्या डोक्यात पट येतोच. माझं आंधळगावात मंडप आणि लाउडस्पीकरचं दुकान. ज्याचा भोंगा त्यानंच बोलायचं, असा आमच्या भागातला रिवाज असल्यामुळे मी निवेदकही आहे. पात्रता म्हणाल तर आवाज मोठा. बायको म्हणते, "तुमाले भोंगा कायले पायजे, तुमी नुसते ट्रॅक्टरवर उभे राहा."

तर त्या दिवशी करडीच्या पटात दोन जोड्यांच्या मधल्या वेळात मी मोबाइल काढला. गावच्या ग्रुपवर एक फोटो आला होता. करडीचेच एक म्हातारे गृहस्थ, एकेकाळचे रेडिओ अनाउन्सर, झेंडूचा भला मोठा हार, आणि खाली ओळीनं जोडलेले हातच हात. ऊन कडक, त्यात माझ्या मोबाइलची काच फुटकी. हार माणसाच्या गळ्यात आहे की फोटोच्या, एवढं बारीक पाहायला हवं होतं. आदल्या दिवशी शाळेनं त्यांचा सत्कार केला होता आणि लोक नमस्कार कळवत होते. मला मात्र हार आणि हात एकत्र दिसले की एकच अर्थ लागतो.

मी शर्यत थांबवली. "करडीचे सुपुत्र," असं सुरू करून, "ज्यांच्या आवाजानं आपल्या घराघरांत सकाळ झाली, ते आज आपल्यात राहिले नाहीत," इथपर्यंत आलो आणि सगळ्यांना दोन मिनिटं उभं राहायला सांगितलं. माणसं उभी राहिली. जोड्या हाकणाऱ्या धुरकऱ्यांनी बैलांचे कासरे आवळले. पुढच्या रांगेत काही लोक एकमेकांना कोपरानं ढोसत होते, पण दुःखात माणूस असं करतो, असं मी समजलो. त्यांच्यामध्ये एक उंच, वाळलेला म्हातारा पांढऱ्या सदऱ्यात उभा होता. त्यानं टोपी काढून हातात घेतली होती आणि मान खाली घातली होती. मला त्याचं कौतुक वाटलं.

मी "ओम शांती" म्हटलं. म्हातारा टोपी घालून शांतपणे मंचापाशी आला. माइकच्या रेषेतून जरा बाजूला उभा राहिला, श्वास माइकवर पडू नये म्हणून, हे मला पुढे कळलं, आणि म्हणाला, "दोन मिनिटं म्हणालात आणि पाऊण मिनिटात आटोपलंत. गेलेल्या माणसाचा वेळ कापू नये."

तो आवाज मी चाळीस वर्षांनी ऐकत होतो, तरी पहिल्या शब्दाला ओळखला.

"काकाजी, तुमी..."

"आहे अजून. कार्यक्रम पुढे चालू द्या."

पुढे काही वर्षांनी ते खरोखरच गेले. त्या दिवशी भोंगा माझाच लावला होता, पण करडीच्या लोकांनी माइक माझ्या हाती लागू दिला नाही.

त्यांचा आवाज लहानपणी ऐकताना तो कोणा माणसाचा असेल असं माझ्या मनातही आलं नव्हतं. चुलीचा धूर, गोठ्यातला वास, भिंतीवर सरकत खाली येणारं ऊन आणि फडताळावरच्या रेडिओतला तो आवाज, हे सगळं मिळून सकाळ व्हायची. हा मनुष्य आधी सांगतो आणि मग उजाडतं, अशी माझी पक्की समजूत होती. ज्या दिवशी सेल संपलेले असत त्या दिवशी मी उठायचोच नाही, आणि आईचा मार खाऊनही मला माझं काही चुकलंय असं वाटत नसे.

आवाज भारदस्त म्हणावा तसा नव्हता. पाणी भरलेली घागर डोक्यावर घेऊन कोणी सांडू न देता चालावं, तसे ते बोलत. वाक्य संपवतानाही ते एकदम खाली ठेवत नसत. अलगद टेकवत. प्रत्यक्ष आयुष्यातही त्यांची हीच तऱ्हा होती. ओट्यावर गप्पा मारताना उठायची वेळ झाली की ते "येतो" म्हणत नसत. बोलता बोलता आवाज बारीक करत न्यायचे, बारीक करत करत उठायचे, आणि आपण अजून ऐकतोच आहोत अशा समजुतीत असताना ते गल्लीच्या टोकाला पोचलेले असायचे.

कडक इस्त्रीचे कपडे त्यांना चालत नसत, माइकपुढे खळखळतात म्हणून. घड्याळ खिशात. खोकला आला तर तो आतल्या आत जिरवायची त्यांची एक युक्ती होती. डोळे मोठे व्हायचे, खांदे एकदा हलायचे, झालं. पेपर वाचताना पान उलटल्याचा आवाज येत नसे. मी एकदा मुद्दाम कान देऊन बसलो, तर त्यांनी अख्खा पेपर संपवला आणि मला फक्त माझंच नाक वाजताना ऐकू आलं.

तरुणपणी ते आवाजाच्या परीक्षेला गेले, तेव्हा परीक्षकांनी प्रेमानं सांगितलं होतं, आवाज रेडिओचा आहे, भाषा घरची आहे. ते गावी परत आले. खळ्यावर मळणी चालू होती. बैलांच्या मागे गोल गोल फिरत त्यांनी हंगामभर शाळेची पुस्तकं मोठ्यानं वाचली. काकाजी सांगत, "हंगाम संपेपर्यंत माझी भाषा सुधारली, पण बैल बिघडले. त्यांना 'कृपया' म्हटल्याशिवाय हलायची सवय राहिली नाही."

तेव्हापासून त्यांची रेडिओची भाषा जी अंगाला चिकटली ती सुटलीच नाही. आठवडी बाजारात ते भाजीवालीला विचारत, "आज आपल्याकडे वांगी ताजी आहेत का?" आणि ती म्हणे, "आत्ताच तोडले जी. बातम्या झाल्या असन तं थैली धरा."

माझ्यासारख्या भोंगेवाल्याला त्यांनी शिकवायचा प्रयत्न केला, तो फुकट गेला. "लोकांना बोलू नका," ते सांगायचे, "माइकच्या पलीकडे लोक नसतात. एकच माणूस असतो. तो काहीतरी निवडत, टिपत बसलेला असतो. त्याचे हात चालू राहिले पाहिजेत आणि कान आपल्याकडे."

मी विचारलं, "तुमचा तो एक माणूस कोन होता काकाजी?"

"तांदूळ निवडत असायची," ते म्हणाले आणि आवाज बारीक करत उठून गेले.

नोकरीच्या काळात ते नागपूरला एका खोलीत राहत. काकू इथं करडीत, सासू-सासरे, धानाची शेती, दुभती म्हैस आणि गुरंढोरं सांभाळत. शनिवारी जमलं तर संध्याकाळच्या बसनं ते यायचे, रविवारी परत. तेव्हा गावात फोन नव्हता. मग नवराबायकोनं एक खूण ठरवली होती. शुक्रवारी सकाळी वेळ सांगताना काकाजी तासाच्या आकड्यानंतर एक श्वास थांबले, की या शनिवारी येणार. नाही थांबले, की नाही. सगळ्या विदर्भाला ऐकू जाणारी ती चिमूटभर शांतता एकट्या काकूंसाठी असायची. लोक घड्याळं लावून घेत आणि काकू शनिवारसाठी मोठं भांडं काढून ठेवत. एका वरिष्ठांनी काकाजींना विचारलं म्हणे, अधूनमधून असे अडखळता का? काकाजी म्हणाले, "श्वास घेतो." ते खोटंही नव्हतं.

एकदा कार्यक्रमाची टेप मध्येच तुटली. दुसरी लावेपर्यंत वेळ भरून काढायला समोर काहीच नव्हतं, तर काकाजी करडीच्या तलावाबद्दल बोलत राहिले. पहाटेचं धुकं पाण्यावरून कसं उठतं, बगळा एका पायावर उभा राहून कशाची वाट पाहतो, काठच्या पाळीवरच्या ओल्या मातीला कसला वास येतो. घाईत काही सुचेना म्हणून बोललो, असं ते सांगत. ऐकणाऱ्यांना ते कुठल्यातरी पुस्तकातलं वाटलं. काकूंनी मात्र घरात जाहीर केलं, "यायले घर आठवून राहिलं." आणि त्या शनिवारी खूण मिळाली नव्हती तरी त्यांनी मोठंच भांडं चढवलं. काकाजी आले.

म्हणजे हिशेब केला तर काकूंचा संसार नवऱ्यापेक्षा त्याच्या आवाजाशी जास्त झाला. हे मी गमतीनं म्हणायचो. नंतर म्हणेनासा झालो.

पटातल्या माझ्या पराक्रमानंतर दुसऱ्याच दिवशी काकाजी आंधळगावात माझ्या दुकानात आले. मी बाकावरून उठलो, पाया पडलो, बायकोनं आतूनच "मेलेले काकाजी आले का?" असं विचारलं, तेही त्यांनी ऐकून घेतलं. मग म्हणाले, "एक माइक, एक लहान स्पीकर हवा. आणि हा स्पीकर एका जुन्या रेडिओच्या खोक्यात बसवून हवा."

"कार्यक्रम हाय का काही?"

"रोज आहे," ते म्हणाले.

कार्यक्रम काय तो मला त्यांच्या घरी गेल्यावर कळला. समोरच्या खोलीत खाटेवर काकू बसल्या होत्या. लहानखुऱ्या, डोक्यावरचा पदर नीट, हात मांडीवर. मला पाहून हसल्या, बस म्हणाल्या. मग काकाजींकडे वळून म्हणाल्या, "पावणे, तुमी पन बसा ना. उभे काहून?"

मला वाटलं थट्टा आहे. मी हसलो. हसायला नको होतं.

काकूंचं विसरणं दोनेक वर्षांपूर्वी सुरू झालं होतं. आधी मीठ, मग शेजारणीचं नाव, मग सून-नातवंडं, आणि अखेर घरात वावरणारा हा उंच म्हातारा. त्या त्याला पाहुणा समजत. भला पाहुणा, पण फारच रेंगाळलेला. "पावणे, तुमचं गाव कोनतं जी?" त्या विचारत. काकाजी सांगत, "करडीच." "मंग घरी जा ना. तुमची बायको वाट पाहून राहिली असन."

आपले मालक नागपूरला रेडिओत नोकरीला आहेत, हे मात्र त्यांना पक्कं ठाऊक होतं. आणि परक्या माणसानं वाढलेलं ताट मालकांच्या माघारी खायचं नाही, हेही. मुलगा-सून पुण्याला, स्वयंपाकाची बाई सकाळी येऊन जायची. काकू दिवसेंदिवस चहावर राहायला लागल्या. मनगटातल्या बांगड्या कोपराकडे सरकायला लागल्या. एक दिवस वैतागून काकाजी दुसऱ्या खोलीतून, अगदी जुन्या रेडिओच्या आवाजात म्हणाले, "श्रोतेहो, आता जेवणाची वेळ झाली आहे." आणि काकूंनी ताट पुढे ओढलं.

मला माइक कशाला हवा होता ते कळलं, आणि मी मनातल्या मनात ठरवलं की हे काम आयुष्यात पहिल्यांदा नीट करायचं.

मागच्या खोलीत धानाची पोती रचलेली होती. काकाजींनी तीच जागा निवडली. "पोती आवाज पितात," ते म्हणाले, "घुमत नाही." पोत्यांच्या मधोमध एक स्टूल, पुढे माइक, भिंतीतून वायर, आणि समोरच्या खोलीत फडताळावर जुना रेडिओ, ज्याच्या पोटात माझा स्पीकर. मी सगळं जोडलं, बटण दाबलं, बाहेर माझी जीप उभी होती तिच्यात जाऊन बसलो.

काकाजींनी सुरू केलं, "नमस्कार. करडी केंद्रावरून आपलं स्वागत. सर्वप्रथम आंघोळ. पाणी तापलेलं आहे, न्हाणीत ठेवलेलं आहे. श्रोत्यांनी कंटाळा करू नये." आवाज अतिशय स्वच्छ येत होता. एवढा स्वच्छ कसा येतो म्हणून मी वर पाहिलं. मी वायर जीपवरच्या भोंग्याला जोडली होती.

सगळ्या गल्लीनं ऐकलं. समोरचा म्हातारा टॉवेल घेऊन बाहेर आला आणि म्हणाला, "आज कोनाची आंघोळ हाय गा?" मी धावत जाऊन वायर काढली. काकाजी पोत्यांमधून बाहेर आले, मला वाटलं आता बोलणी खाणार. ते म्हणाले, "पहिल्या प्रसारणात असं होतं. व्यत्ययाबद्दल आपण दिलगिरी व्यक्त करू." आणि आत जाऊन त्यांनी खरोखर दिलगिरी व्यक्त केली.

त्यानंतर करडी केंद्र सुरळीत चालू झालं. एक अनाउन्सर, एक श्रोता. पुढं पुढं मी काहीतरी निमित्त काढून तिकडे जात असे. वायर पाहायला आलो, म्हणायचो. वायरला काय होणार होतं. मी ओट्यावर बसायचो आणि डोळे मिटायचो. आतून हवामान यायचं, "करडी आणि परिसरात आकाश निरभ्र राहील. तलावावर सकाळी धुकं होतं, ते आता उठलं आहे." मग काकूंच्या माहेरच्या, लाखनीच्या मैत्रिणींची फर्माईश. सुमन, गिरजा, यमुना. "सुमनताईंनी विचारलं आहे की बोरं पाठवू का?" काकू समोरच्या खोलीतून उत्तर द्यायच्या, "पाठव म्हना, पन पिकलेले." या मैत्रिणींपैकी एकही आता हयात नव्हती, काकाजींनीच मला सांगितलं होतं. पण त्या रेडिओत त्यांची लग्नं व्हायची बाकी होती, बोरं पिकायची होती, कोणाची तरी नवी साडी रंगायला टाकलेली होती. गाणं लावायची सोय काकाजींनी ठेवली नव्हती. ते म्हणायचे, "आता गाणं," आणि गप्प बसायचे. आत काकू स्वतःशीच काहीतरी गुणगुणायच्या. गाणं संपलं की ते धन्यवाद द्यायचे.

ऊन चढायचं. गल्लीतून बकऱ्या जायच्या. मला कधी कधी आपण कोणत्या सालात बसलोय हे कळेनासं व्हायचं, आणि तशातच माझी दोन गिऱ्हाइकं दुसऱ्या भोंगेवाल्याकडे गेली.

एका शुक्रवारी सकाळी वेळ सांगताना काकाजी थांबले. आकड्यानंतर, एक श्वास.

मी ओट्यावर होतो. मला ते जाणवलंही नसतं, पण आत काकू खाटेवरून उतरल्याचा आवाज आला. त्या सरळ स्वयंपाकघरात गेल्या, कित्येक महिन्यांत पहिल्यांदा, आणि फळीवरचं मोठं भांडं काढू लागल्या. काकाजी पोत्यांमधून बाहेर आले. त्यांचा चेहरा पाहूनच मला कळलं की ते मुद्दाम थांबले नव्हते. जुनी सवय, नकळत आली.

दुसऱ्या दिवशी, शनिवारी, दुपार कलली तशी काकूंनी केस विंचरले, धुतलेलं पातळ नेसलं आणि काकाजींपुढे येऊन उभ्या राहिल्या. "पावणे, राग नका मानू. पन आज आमचे मालक येऊन राहिले. तुमी आता निघा. घरात परका मानूस दिसनं बरं नाई."

"बरोबर आहे," काकाजी म्हणाले. चपला घालून बाहेर आले आणि माझ्याशेजारी ओट्यावर बसले.

आतून भात शिजल्याचा वास येत होता. मी काहीतरी बोलायचं म्हणून बोललो, "काकाजी, एक आयडिया हाय. बसमधून उतरल्यासारखे या ना. थैली घेऊन." हीदेखील माझीच अक्कल, नोंद असावी.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग उठले, शेजाऱ्यांकडून जुनी थैली मागून घेतली, केसांवरून पाण्याचा हात फिरवला, गल्लीच्या टोकापर्यंत गेले आणि तिथून चालत आले. बस ज्या बाजूनं येते त्या बाजूनं, जरा घाईनं, पायांत नसलेला जोर आणून. त्यांनी कडी वाजवली. काकूंनी दार उघडलं. पदर नीट करून वर पाहिलं, आणि त्यांच्या चेहऱ्यावरचं सगळं हळूहळू उतरून गेलं.

"पावणे," त्या म्हणाल्या, "काही विसरले का जी?"

काकाजी म्हणाले, "छत्री." आत जाऊन छत्री घेऊन आले. त्या रात्री त्यांना जेवायला माझ्या घरी नेलं, काकूंजवळ स्वयंपाकाची बाई बसली. बायकोनं वाढलं. ते जेवले आणि स्वयंपाकाची नीट तारीफ केली. हात धुताना मला म्हणाले, "तिला मी सापडतो हो. फक्त भिंतीपलीकडे असलो तरच."

पुढच्या सोमवारी केंद्र पुन्हा वेळेवर सुरू झालं. वेळ सांगताना ते आता आकडे जोडून, एका दमात सांगत.

केंद्र बंद पडलं ते मळणीच्या दिवसांत. शेजारच्या खळ्यात थ्रेशर आलं, आठवडाभर कोंड्याची धूळ उडत राहिली आणि काकाजींचा घसा बसला. नुसता बसला नाही, आवाज गेलाच. मोहाडीच्या डॉक्टरांनी सांगितलं, बोलू नका, अजिबात. आयुष्यभर खोकला गिळणारा माणूस आता हवेत नुसते ओठ हलवत होता.

रेडिओ मुका झाला. काकूंनी त्याला आधी थापट्या मारल्या, मग सेल काढून उन्हात ठेवायला सांगितले. ताट आलं तसं परत गेलं. दुसऱ्या दिवशीही. तिसऱ्या दिवशी त्यांनी चहाही खाली ठेवला. "रेडिओवर काही सांगून नाई राहिले," त्या म्हणाल्या, "नागपूरले काही झालं का?" आणि खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडल्या. सलाइन लावायला नर्स आली तर तिलाही त्यांनी हात लावू दिला नाही.

काकाजींनी मला बोलावलं. माझ्याकडे पाहिलं, मग मागच्या खोलीकडे बोट केलं. दुसरा कोणीही माणूस त्यांना सुचला असता तर त्यांनी मला बोलावलं नसतं, हे मला मान्य आहे. त्यांनी कागदावर चार ओळी लिहून दिल्या होत्या. नमस्कार, हवामान, आता जेवणाची वेळ. खाली दोनदा अधोरेखित, 'हळू.'

मी पोत्यांमध्ये जाऊन बसलो. दाराच्या फटीतून समोरची खोली दिसत होती. काकूंना उठवून बसवलेलं, काकाजी खाटेच्या कडेला, हातात वरणभाताचं ताट. मी घसा खाकरला. एकच माणूस, मी स्वतःला बजावलं. तांदूळ निवडत असलेला. मग माइक हातात आला आणि वीस वर्षांची सवय आधी बोलली.

"हॅलो, हॅलो. माइक टेस्टिंग. वन, टू, थ्री."

काकूंनी मान वर केली.

घाबरून मी आणखी जोरात सुरू केलं. "करडी व पंचक्रोशीतील तमाम बंधू-भगिनींनो." कागद हातात होता, पण अक्षरं दिसेनात. "आता या ठिकाणी जेवणाचा कार्यक्रम संपन्न होत आहे. तरी सर्वांनी शांतता राखावी. ताट मैदानात आलेलं आहे. वरण आलेलं आहे, भात आलेला आहे, जोडी तयार आहे," आणि इथं मी माइक दाराच्या फटीकडे, रेडिओच्या दिशेनं वळवला असणार, कारण रेडिओतून अशी शिट्टी निघाली की फडताळावरचा डबा थरथरला.

मी थांबलो. सगळं संपलं असं वाटलं.

फटीतून पाहिलं. काकू रेडिओकडे टक लावून बघत होत्या. काकाजींनी ताट मांडीवर ठेवलं, त्यांच्या बाजूला झुकले, आणि डॉक्टरांची बंदी मोडून, त्या फाटलेल्या, हवेनं भरलेल्या कुजबुजीत म्हणाले, "दोन घास खाऊन घे व. माह्यासाठी."

ती रेडिओची भाषा नव्हती. पाहुण्याचीही नव्हती. भरल्या घरात, पलीकडे सासू-सासरे झोपलेले असताना, शनिवारी आलेला नवरा ज्या आवाजात बोलत असेल, तसला तो आवाज होता. असं मला आता वाटतं. तेव्हा मला काहीच वाटलं नाही, मी फक्त कागद चुरगाळत बसलो होतो.

काकू वळल्या. काकाजींकडे पाहिलं. बराच वेळ पाहत राहिल्या, दूरच्या रस्त्यानं कोणी येताना दिसावं आणि चालीवरून अंदाज घ्यावा तसं. मग हात पुढे करून त्यांनी ताट स्वतःकडे ओढलं, पहिला घास कालवला, आणि तो तोंडाशी नेता नेता रेडिओकडे हनुवटी उडवून म्हणाल्या,

"कवा आले जी? येऊन बसले अन् सांगतलं पन नाई. जा, पहिले त्या पोट्ट्याले उठवा तिथून. अजून घटकाभर तो बोंबलला, तं आपली म्हैस आटन."